रुपयाचे डॉलर होताना

मैत्रिणींनो, या वेळी एका पत्राला उत्तर देता देता सगळा मजकूर त्यातच जाणार आहे. पण या विषयावर इतक्या जणींनी विचारणा केली आहे, की एकदा तो नीट मांडलेलाच बरा.

कराडच्या एका भगिनी लिहितात: "मुलीच्या बाळंतपणासाठी पाच महिने अमेरिकेला जायचे ठरले आहे. अळीव, डिंक, मेतकूट, दुपटी, टोपडी सगळे जमवून झाले. पैशाचे मात्र कोणी बोलत नाही. जावई म्हणतात, 'आई, तुम्हाला इथे पैसे कशाला लागतात? आम्ही आहोत ना!' यजमान म्हणतात, 'तो करील सगळं.' जावई खरोखर चांगले आहेत, तक्रार नाही. पण देवळात दोन डॉलर टाकायचे तर ते त्यांच्याकडे मागायचे? नातवाला पहिले खेळणे त्यांच्याच पैशाने घ्यायचे? माझ्याजवळ शिवणाचे साठवलेले साठ हजार रुपये आहेत. ते तिकडच्या पैशांत बदलून मिळतील का? आणि मला मिळतील का, की यजमानांनाच जावे लागेल?"

मिळतील. आणि तुम्हालाच मिळतील. शेवटचा प्रश्न वाचून मात्र मन जरा चरकले. पाच महिने मुलीच्या घरी राबायला जाणाऱ्या बाईला स्वतःच्या साठवणीबद्दल असे विचारावे लागते! असो.

एके काळी परदेशी जाणाऱ्याच्या हाती सरकार जेमतेम आठ डॉलर पडू देई, हे घरातल्या वडीलधाऱ्यांना आठवत असेल. पुढे १९७३ चा कडक कायदा आला. परवानगीवाचून एक डॉलर जवळ बाळगणेही गुन्हा ठरे. तो कायदा जाऊन १९९९ चा 'फेमा' आला आणि १ जून २००० पासून लागू झाला. फेब्रुवारी २००४ मध्ये रिझर्व्ह बँकेने साध्या नागरिकाला वर्षाला पंचवीस हजार डॉलरपर्यंत बाहेर पाठवण्याची किंवा नेण्याची मोकळीक दिली. ती मर्यादा मधून मधून वर-खाली होत २०१५ पासून अडीच लाख डॉलरवर आहे. आपल्यासारख्यांना एवढ्याची काय गरज म्हणा! पण ही मर्यादा माणशी आहे, कुटुंबाला मिळून नव्हे. नवऱ्याची वेगळी, बायकोची वेगळी. अज्ञान मुलाचीसुद्धा वेगळी. त्याच्या वतीने पालक सही करतात.

आता कराडच्या ताईंना पहिले काम सांगते. तुमच्या नावाचे पॅन कार्ड आणि तुमच्या एकटीच्या नावाचे बँकेतले खाते, दोन्ही आहे ना ते पाहा. नसेल तर तिकीट काढायच्या आधी ते करून घ्या. परकीय चलन घेताना पॅन लागतेच. रोख रुपये देऊन चलन घ्यायचे तर पन्नास हजारांपर्यंतच घेतात. त्यापुढची रक्कम चेकने किंवा खात्यातून द्यावी लागते, आणि ती प्रवास करणाऱ्याच्या स्वतःच्या खात्यातून आलेली बरी. म्हणजे डब्यातले साठ हजार आधी खात्यात जायला हवेत. बरोबर पासपोर्ट, व्हिसा आणि तिकीट न्यावे. एक अर्ज भरून सही करावी लागते. त्यात पैसे कशासाठी हवेत ते लिहायचे असते. प्रवासाच्या साठ दिवसांहून आधी चलन देत नाहीत, म्हणून चार महिने आधी जाऊन उगाच हेलपाटा घालू नका.

चलन घ्यायचे ते बँकेतून, नाहीतर रिझर्व्ह बँकेचा परवाना असलेल्या चलन बदलून देणाऱ्या दुकानातून. परवाना भिंतीवर लावलेला असतो. दिसला नाही तर विचारायला संकोच करू नये. आपण भाजी घेताना पारडे बघतोच की!

आता दराचे गौडबंगाल. रेडिओवर, फोनवर, वर्तमानपत्रात डॉलरचा जो दर सांगतात, त्या दराने तुम्हाआम्हाला डॉलर मिळत नसतो. तो बँकाबँकांतल्या मोठ्या व्यवहारांचा दर. आपण ज्या दराने घेतो तो किरकोळीचा. भुसार बाजारातला गव्हाचा भाव आणि कोपऱ्यावरच्या वाण्याचा भाव यांत फरक असतो, तसेच हे. दुकानाच्या पाटीवर दोन दर असतात, खरेदीचा आणि विक्रीचा. इथे बायकाच काय, भले भले पुरुषही घोटाळा करतात. ती खरेदी-विक्री दुकानदाराची, आपली नव्हे. आपण डॉलर घेणार म्हणजे तो विकणार. आपल्याला त्याचा विक्रीचा दर लागतो आणि तो नेहमी जास्त असतो. परत येऊन उरलेले डॉलर द्यायला गेलो की खरेदीचा दर, तो कमी. दोन्हींतले अंतर ही त्याची कमाई. "कमिशन नाही" अशी पाटी पाहून हुरळून जाऊ नये. कमिशन दरातच कालवलेले असते.

हिशेबाला सोपे म्हणून बाजारात डॉलर नव्वद रुपयांना आहे असे धरू. पाचशे डॉलर हवेत. गावातले दुकान ब्याण्णवने देते, म्हणजे ४६,००० रुपये. तेच निघायच्या रात्री विमानतळावरच्या खिडकीत शहाण्णवने मिळाले, तर ४८,०००. दोन हजारांचा फरक नुसता उशीर केल्याबद्दल! विमानतळावरचा दर बहुधा सगळ्यांत महाग असतो, कारण तिथे दुसऱ्या दुकानात जायला तुमच्याजवळ वेळच नसतो. शिवाय रक्कम बदलून देण्याच्या सेवेवर जीएसटी असतो. तो सगळ्या रकमेवर नसतो. एक लाखापर्यंतच्या रकमेचा एक टक्का, पण किमान अडीचशे रुपये, हे त्या सेवेचे मोल धरतात आणि त्यावर अठरा टक्के लावतात. ४६,००० रुपयांवर तो ८२ रुपये ८० पैसे होतो. कोणी याहून फारच मोठा आकडा 'टॅक्स' म्हणून सांगू लागला, तर कागदावर मांडून दाखवा म्हणावे.

म्हणून दोन-तीन ठिकाणी एकाच दिवशी, एकाच वेळी फोन करून एवढेच विचारा: "मला पाचशे डॉलर हवेत. सगळे धरून मी किती रुपये द्यायचे?" दर किती, कमिशन किती, कर किती हे नंतर. शेवटचा आकडा ज्याचा कमी, तो खरा स्वस्त. दर घटकेघटकेला हलतो, म्हणून सोमवारचा एकाचा आणि गुरुवारचा दुसऱ्याचा अशी तुलना करण्यात अर्थ नाही. आणि पावती घ्यायचीच. ती पासपोर्टबरोबर जपून ठेवा, परत आल्यावर लागते.

"डॉलर उतरेल म्हणून थांबू का?" असेही एकीने विचारले आहे. उद्याचा दर सांगू शकणारा माणूस मी अजून पाहिलेला नाही. हाताशी साठ दिवस आहेत, तर दोन-तीन वेळा थोडे थोडे घ्या. चढला तरी सगळे महागात पडत नाही, उतरला तरी सगळी हळहळ वाट्याला येत नाही.

सगळे पैसे नोटांत नेऊ नयेत. नियमानेही एका प्रवासाला सर्वसाधारणपणे तीन हजार डॉलरपर्यंतच नोटा मिळतात, त्यापुढचे कार्डावर. बँका प्रवासासाठी आधी पैसे भरून ठेवायचे एक कार्ड देतात. भरताना जो दर असतो तो कायम. मग तिकडे असताना रुपया घसरला तरी तुमच्या डॉलरला धक्का नाही. हरवले तर बंद करता येते. कराडच्या ताईंना मी सांगेन: दोनशे डॉलरच्या नोटा आणि बाकीचे कार्डावर. मात्र ज्या देशात जायचे तिथलेच चलन त्यात भरावे. डॉलरच्या कार्डाने युरो खर्च केले, की मध्ये पुन्हा एक बदल होतो आणि पुन्हा कोणीतरी आपला वाटा काढून घेते. यंत्रातून रोख काढली तर त्याचीही फी असते, म्हणून रोज वीस-वीस काढण्यापेक्षा एकदाच काढावे. सांकेतिक आकडा पाठ असावा; कार्डाच्या पाकिटावर लिहून ठेवलेला नसावा!

इथले नेहमीचे डेबिट किंवा क्रेडिट कार्ड तिकडे चालते, पण बऱ्याच कार्डांवर दोन ते साडेतीन टक्के वरखर्च आणि त्यावर पुन्हा कर लागतो. शिवाय परदेशातला वापर बँकेला सांगून आधी चालू करून घ्यावा लागतो. अडीअडचणीला ते जवळ असू द्या. फोनवरून पैसे देण्याची आपली यूपीआयची सोय सिंगापूर, संयुक्त अरब अमिराती, फ्रान्स, मॉरिशस, श्रीलंका, नेपाळ, भूतान अशा काही देशांत ठरावीक दुकानांतून चालते. अमेरिकेतल्या खर्चाची भिस्त मात्र तिच्यावर ठेवू नये.

तिकडे दुकानात कार्ड दिले की कधी कधी यंत्र विचारते, "पैसे रुपयांत घेऊ का डॉलरमध्ये?" आपल्याला वाटते, रुपये आपल्या ओळखीचे, तेच बरे. तिथेच फसायला होते. रुपये म्हटले की दर तो दुकानदाराकडचा लागतो आणि तो बहुधा चढा असतो. नेहमी त्या देशाचेच चलन सांगावे.

नोटांबद्दल दोन शब्द. दुकानदार शंभर शंभरच्या नोटा पुढे सरकवतो, त्याला मोजायला सोप्या. आपण वीस, दहा आणि पाचच्या मागाव्यात. शंभराची नोट लहानशा दुकानात घेताना तिकडे कां कूं करतात, आणि देवळातल्या पेटीत शंभराची नोट कोण टाकणार! अमेरिकेच्या सर्व नोटा आकाराने सारख्या असतात आणि रंगातही आपल्यासारखा ठळक फरक नसतो. संध्याकाळच्या उजेडात पाचऐवजी पन्नास जायला वेळ लागत नाही, म्हणून पर्सचे कप्पे वेगळे करावेत. नोटांवर पेनने आकडे घालू नयेत, टाचणी लावू नये. फाटकी, लिहिलेली नोट कित्येक देशांत बदलून देत नाहीत. आणि हो, आपले रुपयेही थोडे जवळ हवेत, परत आल्यावर घरी पोचायला. जाताना माणशी पंचवीस हजार रुपयांपर्यंत नेता येतात.

पशुपतिनाथाला निघालेल्या मंडळींनी मात्र चलनाच्या दुकानात जाऊ नये. नेपाळ आणि भूतानसाठी परकीय चलन देतच नाहीत. तिथे आपला रुपयाच न्यायचा; कोणत्या नोटा चालतात ते निघण्यापूर्वी बँकेत विचारून घ्यावे.

दुसरे पत्र नाशिकचे. त्यांचा मुलगा जर्मनीत शिकतो. त्या लिहितात, "सहा हजार युरो भरले आणि विद्यापीठ म्हणते, पंचवीस युरो कमी पोचले. मुलाचे नाव दाखल होईना. बँक म्हणते, आम्ही पूर्ण पाठवले." दोघेही खरेच बोलत असणार. पैसे इथून निघून थेट तिकडे पोचतात असे नाही. मध्ये एखादी दलाल बँक असते आणि ती आपली फी त्याच रकमेतून कापून घेते. यावर उपाय अर्जातच असतो. 'खर्च कोणी सोसायचा' असा एक रकाना असतो: पाठवणाऱ्याने, घेणाऱ्याने की दोघांनी. फी किंवा भाडे भरताना 'सर्व खर्च पाठवणाऱ्याकडे' असे लिहावे. इथे थोडे जास्त पडतात, पण तिकडे पोराची धावपळ वाचते. खातेदाराचे नाव अक्षर न् अक्षर तिकडच्या कागदाप्रमाणे, युरोपात असेल तर खात्याचा लांबलचक 'आयबॅन' क्रमांक, बँकेची खूण, आणि संदर्भाच्या जागी मुलाचा विद्यार्थी क्रमांक. तो क्रमांक राहिला तर पैसे पोचतात, पण कोणाचे ते कळत नाही. मुदतीच्या निदान आठ दिवस आधी पाठवावे. मध्ये शनिवार-रविवार असतात, शिवाय सुट्ट्या तिकडच्या वेगळ्या.

खात्यातून खात्यात पाठवायचा दर नोटांच्या दरापेक्षा स्वस्त असतो, हेही या निमित्ताने सांगून ठेवते. घासाघीस करायलाही हरकत नाही. रक्कम मोठी असेल तर शाखेत जाऊन "दर थोडा सुधारून द्या" म्हटले की पुष्कळदा देतात. आपण साडीच्या दुकानात जेवढे बोलतो, त्याच्या निम्मे बँकेत बोललो तरी हजारो रुपये वाचतील!

जर्मनीला नव्याने जाणाऱ्यांना वर्षभराच्या खर्चाची रक्कम आधीच एका बंद खात्यात भरून दाखवावी लागते. सप्टेंबर २०२४ मध्ये ती ११,९०४ युरो ठरली, म्हणजे महिन्याला ९९२. तेवढेच दरमहा मुलाच्या हाती पडतात. एवढी रक्कम एकदम उभी करायची तर घरातल्या ठेवींच्या तारखा वर्षभर आधीपासून जुळवाव्या लागतात, आणि ते काम बहुतेक घरांत आपल्याच माथी असते.

याच बाबतीत एक कर आहे, टीसीएस नावाचा. एका आर्थिक वर्षात ठरावीक रकमेपुढे परदेशी पाठवले, की बँक काही टक्के जादा कापून आयकर खात्यात भरते. ही मर्यादा सात लाख होती, १ एप्रिल २०२५ पासून दहा लाख झाली. शिक्षण, औषधोपचार आणि इतर कारणे यांचे दर निरनिराळे आहेत आणि अंदाजपत्रकात ते बदलतात, म्हणून पाठवायच्या दिवशीचा दर बँकेत विचारावा. कारण अचूक लिहावे. फीचे पैसे 'भेट' म्हणून लिहिले तर उगाच जास्त कापले जातात. मान्यताप्राप्त संस्थेच्या शैक्षणिक कर्जातून फी गेली, तर १ एप्रिल २०२५ पासून हा कर नाही. मुख्य म्हणजे ही रक्कम बुडत नाही. ज्याच्या पॅनवर कापली त्याच्या नावावर ती जमा असते आणि विवरणपत्र भरले की करातून वळती होते किंवा परत मिळते. आता इथे पाहा: पैसे आईच्या खात्यातून गेले आणि आईला कर नाही म्हणून ती विवरणपत्रच भरत नाही, तर तिचे पैसे तसेच पडून राहतात. आपल्या नावावर सह्या केल्या आहेत, तर पुढचा कागदही आपणच मागून घ्यावा.

रत्नागिरीकडच्या एका भगिनींनी निराळेच विचारले आहे. मुलगा दुबईला. त्याच्या खोलीतल्या मित्राचा भाऊ खेडला राहतो. "मुलगा तिकडे त्या मित्राला दिरहम देतो, भाऊ इथे आम्हांला रुपये आणून देतो. बँकेपेक्षा शे-दोनशे जास्त पडतात. घरगुतीच आहे, काही वावगे आहे का?"

आहे. माणसे भली असतील, पण हा व्यवहार फेमाखाली बेकायदा आहे. तिकडे एकाने द्यायचे आणि त्याच्या बदल्यात इकडे दुसऱ्याने घ्यायचे, यालाच हवाला म्हणतात. पावती नाही, आणि उद्या तुम्ही त्याच पैशातून घर बांधलेत आणि कोणी विचारले, की पैसे आले कोठून, तर दाखवायला काही नाही. तो भाऊ एखाद्या महिन्यात आलाच नाही तर दाद कोणाकडे मागणार? शेजारच्या काकू अमेरिकेहून आल्या, त्यांचे उरलेले डॉलर आपण रुपये देऊन घेतले, हेसुद्धा चालत नाही. खरेदी-विक्री परवानाधारकाशीच हवी.

मुलाने बँकेतून किंवा परवाना असलेल्या पैसे पाठवणाऱ्या संस्थेतून पाठवावे. अशा संस्थेमार्फत एका वेळी अडीच हजार डॉलरपर्यंत आणि एका माणसाला वर्षात तीस वेळा पैसे येऊ शकतात. पन्नास हजार रुपयांपर्यंत रोख मिळतात, जास्त असतील तर खात्यात. मुलाने आईवडिलांना पाठवलेल्या या पैशावर आईवडिलांना आयकर नाही, ही भीतीही काढून टाका. दराचे म्हणाल, तर दिरहमची गाठ डॉलरशी बांधलेली आहे, १९९७ पासून एका डॉलरला ३.६७२५ दिरहम. म्हणून बातम्यांत डॉलर चढला असे ऐकले, की समजावे, मुलाचा दिरहमही चढला.

आणखी एक. परदेशातून पार्सल आले आहे, सोडवायला इतके पैसे भरा. लॉटरी लागली आहे, आधी इतके डॉलर पाठवा. असे फोन आले तर ठेवून द्यावा. लॉटरीसाठी परदेशी पैसे पाठवायला मुळात बंदीच आहे.

आता कराडच्या ताई परत आल्यावर काय करतील ते सांगून थांबते. उरलेल्या नोटा आणि कार्डावरचे डॉलर परत आल्यापासून १८० दिवसांत बँकेला किंवा दुकानाला विकायचे असतात. दोन हजार डॉलरपर्यंत मात्र पुढच्या खेपेसाठी जवळ ठेवायला परवानगी आहे. मुलीला दुसरे होण्याचा विचार असेल, तर विकण्याची घाई करू नका. विकताना कमी दर, पुन्हा घेताना जास्त, असा दोन्हीकडून तोटा होतो. येताना मुलीने प्रेमाने डॉलर दिले तर ते आणता येतात. नोटा पाच हजार डॉलरहून जास्त असतील तर विमानतळावर लिहून द्यावे लागते, एरवी नाही. नाणी किती ठेवावीत याला बंधन नाही, आणि ती बदलून द्यायला दुकानदार सहसा तयारही नसतात. तेव्हा निघायच्या आदल्या दिवशी ती नातवाच्या गल्ल्यात टाकून यावीत.